अमरावतीचा माणूस

शालिकरामभाऊंनी पाणीसुद्धा घेतलं नाही, तिथंच अकोलेकरांचं डोकं फिरलं.

एकेकाळी अमरावतीचा सेंटर-फॉरवर्ड म्हणून अकोल्याच्या बोडक्यावर गोल हाणणारा हा गडी आता अख्ख्या हिंदुस्थानच्या संघाचा कोच झाला होता. संघ बोटीनं परदेशी जायचा होता आणि वऱ्हाडातून एकच खेळाडू घ्यायचा होता. उद्या अकोला विरुद्ध अमरावती सामना. आणि हे महाशय आदल्या दिवशीच येऊन, कापसाच्या जिनामागच्या मैदानावर खुर्ची टाकून, अकोल्याचा सराव बघत बसलेले. कशासाठी म्हणे? क्लबच्या हरिहर वकिलांनी घरून चहा मागवला, तो परत गेला. चिवडा आला, तोही परत गेला. निदान पाणी तरी घ्या म्हटलं, तर भाऊंनी पिशवीतून स्वतःचा फिरकीचा तांब्या काढला आणि दोन घोट घेतले.

"पानीबी अमरावतीवरून आनलं!" गोलकीपर पुंजाराम कुजबुजला. आता तुम्हीच सांगा, ज्याला आपलं पाणी चालत नाही, त्याला आपला पोरगा कसा चालणार?

वकिलांनी सूर्यभानला बाजूला घेतलं. सूर्यभान बाळापूरकडचा, शेतकऱ्याघरचा, अकोल्याचा सेंटर-फॉरवर्ड. अनवाणी पायानं असा फटका मारायचा की पुढच्यानं हात जोडावेत. त्या बोटीपायी त्यानं घरी स्पष्ट सांगून टाकलं होतं, यंदाची पेरणी तुमी पाहा. बाप अजून त्याच्याशी बोलत नव्हता.

"नीट ऐक," वकील म्हणाले. "हा निवड करायला आलेला नाही. आपला डाव हेरायला आलाय. आज तू खरा खेळ दाखवलास, की रात्रीच्या आत अमरावतीला पोचला म्हणून समज."

"मंग का करू जी?"

"बैलासारखा खेळ. काय दाखवायचं ते उद्या सामन्यात दाखव."

सूर्यभानला ते पटलं नाही. पण वकील म्हणजे मोठा माणूस, कोर्टात भल्याभल्यांच्या पोटातलं बाहेर काढणारा. त्यांना माणसं कळणारच. शिवाय खरं सांगायचं तर तो तांब्या त्याच्याही डोळ्यांत खुपत होता.

मग तो खेळला बैलासारखा. चेंडू आला की अडखळायचा, पास भलतीकडं द्यायचा. एकदा तर पुढ्यात रिकामा गोल होता. पाय आपसूक उठला. त्यानं तो जबरदस्तीनं वळवला आणि चेंडू बाभळीत घातला. त्याला अक्षरशः रडू आलं. वकील मात्र मिशीत हसत होते.

दिवस कलला तसे भाऊ उठले, पिशवी खांद्याला लावली आणि टांगेवाल्याला हाक मारली. "स्टेशन."

"म्हणजे? उद्याचा सामना?" वकील दचकले.

"तो कायले पाहू? अकोला-अमरावतीच्या सामन्यात फुटबॉल कोन खेळते? नडग्या फोडतेत. मी सोता फोडल्या हायेत. काल तिकडचा सराव पाह्यला, आज इथचा. झालं माहं काम."

टांगा निघाला. सूर्यभान जीव खाऊन मागं धावला आणि त्यानं दांडा धरला.

"भाऊ, मी मुद्दाम खराब खेळलो! मले तसं सांगितलं होतं."

भाऊंनी टांगा थांबवला. "दिसलं मले. त्या रिकाम्या गोलापाशी दिसलं. असा पाय मी वऱ्हाडात दुसरा पाह्यला नाई."

"मंग न्या ना मले!"

"कसा नेऊ? कोनी सांगितलं म्हनून तू वाईट खेळतं. तिकडं परदेशात सांगनारे लई भेटतीन. मोठे मोठे लोक. चहाबी पाजतीन." भाऊंनी पिशवीतल्या तांब्यावर हात ठेवला. "म्हनून तर मी कोनाच्या घरचं पानी घेत नाई बापा. अमरावतीतबी घेतलं नाई."

टांगा गेला. धूळ खाली बसेपर्यंत सूर्यभान रस्त्यातच उभा राहिला. वकील धापा टाकत त्याच्यापाशी आले आणि त्यांनी त्याच्या पाठीवर हात ठेवला.

"बघितलंस? मी काय म्हणत होतो? शेवटी अमरावतीचाच निघाला!"

सूर्यभाननं तो हात बाजूला सारला. आज पहिल्यांदाच तो वकिलांकडं नीट बघत होता.

"वकीलसाहेब," तो म्हणाला, "तुमची सासुरवाडी अमरावतीचीच ना?"