यालोवा

कोकरू न देणाऱ्या मेंढीला आमच्या बल्गेरियात ‘यालोवा’ म्हणतात. हल्ली मेंढपाळांच्या तोंडीसुद्धा हा शब्द फारसा येत नाही. शेजारच्या स्तोइनाबाईंनी मात्र तो जिवंत ठेवलाय. उठता-बसता सुनेला त्याच नावानं हाक मारतात.

त्यांच्या परसातल्या आलुबुखाराच्या झाडाला बरीच वर्षं फळ धरलेलं नव्हतं. नाताळच्या आदल्या दिवशी अशा झाडाला कुऱ्हाड दाखवून दरडावायची आमची रीत आहे. एकानं तोडायची धमकी द्यायची, दुसऱ्यानं झाडाच्या वतीनं गयावया करायची.

दरवर्षी कुऱ्हाड मुलगा गेंचो धरायचा. यंदा स्तोइनाबाईंनी ती सुनेच्या हातात दिली. “घे गं दाफिना. यालोवेला यालोवेनंच दटावलेलं बरं!” कुंपणापाशी जमलेल्या आम्हा शेजाऱ्यांकडे बघून त्या फिसकन हसल्यासुद्धा.

दाफिना कुऱ्हाड खांद्यावर टाकून निघाली, झाडाला वळसा घातला आणि पलीकडे राकिया दारूचा पेला घेऊन उभ्या असलेल्या नवऱ्यासमोर जाऊन थांबली.

“बोल, पुढच्या वर्षी फळ देतोस की घालू कुऱ्हाड?”

झाडाच्या वतीनं बोलायला स्तोइनाबाई उभ्या होत्या, पण त्यांच्या तोंडून शब्द फुटेना.

शेवटी झाडच बोललं, “थांब, तोडू नकोस! डॉक्टरांनी दिलेल्या गोळ्या आजपासून नेमानं घेतो!”