पडद्यावरची सून

"शिक जरा हिच्याकडून!" असाकुसाच्या थिएटरातल्या अंधारात सासूबाईंनी तोवाला कोपरानं ढोसलं. पडद्यावरची सून चंदेरी धुक्यातून तरंगत यावी तशी आली आणि सासूचे पाय चेपायला बसली.

"अहो आई, तुमचा लेकच आहे तो." त्या काळी जपानी सिनेमात बायकांची कामं पुरुषच करायचे; ही सून तोवाच्या नवऱ्यानं रंगवली होती.

"असू दे. सून म्हणून तुझ्यापेक्षा बरा!"

तोवा खुदकन हसली.

मग पडद्यावरची सून तांदळाच्या कोठीमागे गेली. हुंदका फुटू नये म्हणून तिनं किमोनोची बाही दातांत धरली, डोळे पुसले आणि हसत बाहेर आली.

तोवाचं हसू विरलं. सात वर्षं ती घरच्या कोठीमागे अगदी अशीच रडत होती. तिला वाटायचं, कुणी पाहिलेलं नाही.