समितीवरचे आबा

थोरल्या बहिणीचं, वैदेहीताईचं, लग्न झालं त्याच साली शर्वरीचे वडील, आबा, वारले. पण देशभरच्या संशोधनाला पैसा देणाऱ्या सरकारी मंडळानं त्यांचं मन यंत्रात उतरवून घेतलं आणि त्यांना अर्ज तपासणाऱ्या समितीवर तसंच ठेवलं. आता वीस वर्षांनी शर्वरी त्याच समितीपुढे रक्ताच्या आजारावरचं नवं औषध मांडत होती. आजार तिच्या लेकाला, निषादला होता.

“हे मी करून बसलोय, बाई. नाही जमायचं,” आबा यंत्रातून म्हणाले.

“तेव्हा साधनं कुठं होती, आबा? अहो, तुमच्या नातवाच्या जिवाचा प्रश्न आहे!”

आबा खळखळून हसले. “कसला नातू? माझी शर्वरी अजून शाळेत जाते.”

बाकीच्यांनी माना खाली घातल्या. आबांचा शब्द मोडायची तिथं कुणाची छाती नव्हती. अर्ज नामंजूर झाला.

त्याच वर्षी मार्गशीर्षात निषाद गेला.