आमाचा शिक्का

"हा बघ शिक्का." पोस्टमन कुओनं पोचपावतीचा कागद सुपार्तीच्या नाकासमोर धरला. "मंगळवार, सकाळी दहा वीस. रजिस्टर पाकीट, एक. आता तरी मला चोर म्हणू नकोस."

सुपार्तीनं कागद हातात घेतला. तांबडा गोल शिक्का. त्यातली अक्षरं तिला वाचता येत नव्हती, पण शिक्का ओळखीचा होता. घरातल्या आजीच्या, आमाच्या, गळ्यात काळ्या दोरीला तो बांधलेला असे; सहीऐवजी ती तोच मारायची. तीन वर्षं म्हातारीला आंघोळ घालताना सुपार्ती तो रोज बाजूला सरकवत आली होती.

म्हणजे पासपोर्ट आला होता. तिच्या देशाच्या तैपेईतल्या कचेरीतून नवा होऊन, टपालानं, याच दारात आला होता. त्या वेळी ती आमाची औषधं आणायला गेली होती आणि सून कामावर होती.

शनिवारी विमान होतं. आज गुरुवार. तिकडे जावा बेटावर तिच्या आईच्या छातीत पाणी झालं होतं. भाऊ फोनवर रोज एकच सांगायचा, "शुद्धीवर आली की विचारते, सुपार्ती कुठवर आली?"

ती तडक स्वयंपाकघरात गेली. "मॅडम, पासपोर्ट द्या ना माझा."

आमाची सून शू-छिन जेवायच्या सुट्टीत घरी आली होती. भाजी चिरता चिरता तिचा हात थांबला. "माझ्याकडे?"

"आमाला कोण सांभाळणार, ही काळजी आहे तुम्हाला, कळतं मला. पण मी परत येईन. महिन्याच्या आत. शप्पथ."

"मी लपवला म्हणतेस? अगं, तिकीट कुणी काढलं तुझं?" शू-छिन सुरी टाकून बाहेर आली आणि कुओवर घसरली. "आणि काय हो, जिला स्वतःची सून ओळखू येत नाही, तिच्या हातात रजिस्टर देता?"

"आमा सुनेला विसरतात, पण शिक्का बरोबर चौकटीत मारतात," कुओ म्हणाला. "पत्ता तुमचा, शिक्का तुमचा. आणखी काय बघायचं मी, वहिनी?" हेल्मेट चढवता चढवता त्यानं आवाज खाली आणला. "सुपार्ती, आधी घर धुंडाळ. नाहीच मिळाला, तर चौकीत हरवल्याची नोंद कर आणि तो कागद घेऊन तैपेई गाठ. प्रवासापुरता कागद देतात. आठवडा लागतो. कधी दोन."

"शनिवारी विमान आहे."

कुओनं गाडीला किक मारली.

आमा दारातच बसली होती, बांबूच्या खुर्चीवर. पितरांचा महिना चालू होता, आणि मांडीवरच्या सोनेरी कागदांच्या ती घड्या घालत होती. सुपार्ती तिच्यासमोर उकिडवी बसली.

"आमा, मंगळवारी कुओनं पाकीट दिलं ना? कुठं ठेवलंस?"

"ठेवीन कशाला? पाठवलं."

"कुणाला?"

"तुझ्या आईला." आमानं घडीवर अंगठा फिरवला. "रोज रडतेस, आई वाट बघते, आई वाट बघते. टपालाला फार दिवस लागतात, बाळा. आमच्या पुड्यांबरोबर दिलं लावून. वर नाव घातलं, सुपार्तीची आई. नाव नसलं की भलतंच कुणी पळवतं."

"आई!" शू-छिन दाराला धरून उभी राहिली.

मंगळवारी पौर्णिमा होती. सोनेरी कागद जाळले की पितरांना पोचतात, म्हणून दुपारी अंगणात पत्र्याचं पिंप पेटवलं होतं. आमाला विस्तवाजवळ जाऊ देत नसत. म्हणून आमा पुड्या हातात द्यायची आणि सुपार्ती त्या पिंपात टाकायची. एक पुडी जड होती. पेटच घेईना. सुपार्तीनं ढवळायला काठी उचलली, तशी आमा ओरडली होती, "ढोसू नकोस! मग तिकडे फाटकं पोचतं."

तिनं काठी खाली ठेवली होती.

पिंप अजून अंगणातच होतं. सुपार्तीनं कोपरापर्यंत हात आत घातला. राख गार होती. तळाशी काहीतरी कडक लागलं. पासपोर्टच्या हिरव्या पुठ्ठ्याचा तुकडा, कडेनं कोळसा झालेला. त्यावर सोनेरी गरुड होता, एका पंखाचा. बाकीचं तिच्या बोटांत भुगा होऊन पडलं.

"उद्या पहिल्या गाडीनं तैपेईला निघू," शू-छिन हलकेच म्हणाली. "मी येते बरोबर. सांगू त्यांना सगळं."

सुपार्ती तुकडा उलटा करून बघत होती. मागं काही नव्हतं.

"रडतेस काय अशी?" आमा म्हणाली. "पोचलं असेल एव्हाना." तिनं गळ्यातली दोरी ओढून शिक्का बाहेर काढला, बाहीला पुसला. "आता उत्तर येईल तुझ्या आईचं. तू जा, काम कर. मी बसते इथं दारात. आलं की मारते शिक्का."