दोन फाट्यांचा रस्ता

"आडवा कर त्याला! बसवून कुणी आजारी माणसाला निजवतं का?" फोर्तुनाता सुनेवर ओरडली.

"आडवा केलात तर जीव जाईल त्याचा," मारितसा म्हणाली. जागची हलली नाही.

तिचा नवरा फेर्मिन भिंतीला टेकून बसला होता. ओठ जांभळे, कपाळावर घाम, आणि प्रत्येक श्वासाला छातीत काहीतरी रटरटत होतं. खोकला आला की फडक्यावर गुलाबी फेस उमटायचा. फोर्तुनाताने कोकाच्या पानांचा चहा तीनदा पाजून पाहिला होता. तीनही वेळा तो बाहेर आला.

दोष कुणाचा ते तिला ठाऊक होतं. दोन महिने पोरगा सासुरवाडीला, समुद्रकाठी. परवा एका दिवसात बसने वर आला, काल खाणीत पोती उचलायला गेला. परत आलेल्याने आधी खाणीच्या तोंडाशी जाऊन डोंगराला पानं, चरबी आणि दारू द्यायची असते. पण परवा आल्यावर या बयेने जाऊ दिलं नाही. म्हणे, दमलाय! डोंगर रागावणार नाही तर काय करेल? आता फोर्तुनाताने त्या नैवेद्याचं गाठोडं बांधून तयार ठेवलं होतं.

"नर्सने ऑक्सिजनचा सिलिंडर दिलाय, गोळी दिलीय," मारितसा सांगत होती. "फुफ्फुसांत पाणी भरलंय. बसवून ठेवा आणि आत्ताच्या आत्ता खाली न्या, म्हणाली. एकदम वर चढलं की होतं असं."

"तुम्हा मासेखाऊंना होत असेल. माझा मुलगा इथे जन्मलाय."

"इथे जन्मलेल्यांनाही होतं, आई. दोन महिन्यांत छाती ही उंची विसरते."

"आई म्हणू नकोस मला! याचा बाप असाच गेला. का, माहितेय? आम्हाला वर खाणीच्या तोंडाशी न्यायला उशीर झाला. आज मी उशीर करणार नाही."

धाकटा ऊगो पिकअपची किल्ली हातात घेऊन दारात उभा होता. दोघींकडे बघत नव्हता. त्याने भावाला उचललं, मागच्या सीटवर टेकवून बसवलं. मारितसा सिलिंडर घेऊन शेजारी शिरली. फोर्तुनाता गाठोडं घेऊन पुढे बसली.

गाव संपलं की रस्त्याला दोन फाटे फुटतात. डावा वर खाणीकडे जातो, उजवा खाली.

"डावीकडे," फोर्तुनाता म्हणाली.

ऊगोने उजवीकडे वळवली.

तिने त्याच्या खांद्यावर गुद्दा मारला. मग आणखी एक. "हिने तुलाही फितवलं? मेला ना तो, तर दोघांच्या दारात येऊन बसेन. शिव्याशाप देत बसेन!"

"बसा," मारितसा मागून म्हणाली. "पण आधी त्याला जगू द्या."

वळणामागून वळण गेलं. बर्फ मागे पडलं. काळ्या दगडांत पिवळं गवत दिसायला लागलं. फोर्तुनाता तोंडाने डोंगराची माफी मागत होती, मध्येच सुनेला शिव्या देत होती. वळून बघायचं नाही असं तिने ठरवलं होतं, पण दर वळणाला बघत होती.

तासाभराने रटरट कमी झाली. दुसऱ्या तासाला मेंढरं दिसली, मग बटाट्याची शेतं. फेर्मिनच्या ओठांचा जांभळा रंग उतरत चालला होता.

"पाणी," तो म्हणाला. सकाळपासूनचा त्याचा पहिला शब्द.

मारितसा रडायला लागली. ऊगो हसला आणि त्याने गाडीचा वेग वाढवला.

फोर्तुनाताच्या शिव्या थांबल्या होत्या. ती मुलाच्या ओठांकडे एकटक बघत राहिली. मांडीवरच्या गाठोड्याची गाठ तिने सोडली, पुन्हा बांधली.

"नुसतं खाली आणलं म्हणून?" तिने विचारलं.

"हो," मारितसा म्हणाली. आवाजात जराही माया नव्हती.



"याच्या बापाच्याही छातीत असंच रटरटत होतं," फोर्तुनाता काचेकडे बघत म्हणाली. "किनाऱ्यावरून आले त्याच्या दुसऱ्या दिवशी. चौघांनी घोंगडीत घालून वर नेलं. अर्ध्या वाटेत ते म्हणत होते, परत फिरवा, परत फिरवा."

तिने गाठोडं छातीशी धरलं.

"मीच म्हणत होते, थांबू नका."