साफ केलेलं गाणं

"हा एक काढला की झालं," असं पुटपुटत बाळ्याने संगणकाच्या पडद्यावरच्या आवाजाच्या रेषेतला बारीकसा उंचवटा कापला. तो उंचवटा म्हणजे त्याच्या वडिलांचा श्वास होता.

बाळ्याचं कामच ते, एका टीव्ही मालिकेची गाणी साफ करायचं. मालिकेत सगळं गाण्यातून चालायचं, भांडणंसुद्धा. नायक नुसते ओठ हलवायचा, गळा बाबांचा. पण बाबांच्या छातीत दम कमी. ओळ संपली की असा सूंऽ करून श्वास घ्यायचे की दिग्दर्शक कपाळाला हात लावायचा. मग बाळ्या एकेक श्वास कापत बसायचा आणि बाबा मागून चिडवायचे, "काप लेका, बापाचा श्वास काप!" दोघंही पोट धरून हसायचे.

मागच्या महिन्यात बाबा गेले. हे शेवटचं गाणं त्यांनी आधीच गाऊन ठेवलं होतं. मालिकेत नायकाची बायको जाते आणि तो तिच्या रिकाम्या पलंगाशी बसून गातो.

आई मागे खुर्चीत बसली होती. बाळ्यानेच तिला स्टुडिओत आणलं होतं. एरवी मालिकेत कुणाचं मांजर मेलं तरी ही बाई डोळे पुसत बसायची. आणि बाबा गेले तर डोळ्यांतून टिपूस नाही! विचारलं की "बरी आहे मी." बाळ्याला तिची धास्तीच वाटत होती. निदान हे गाणं ऐकून तरी रडेल, मोकळी होईल, एवढीच त्याची आशा.

त्याने गाणं लावलं. बाबांचा आवाज खोलीभर झाला, अगदी स्वच्छ. आई मात्र ढिम्म.

"आई, बाबा गाताहेत गं."

"आवाज त्यांचाच आहे रे. पण श्वास कुठे घेताहेत ते?"

बाळ्या गारच पडला. त्याने कापलेलं सगळं परत जागेवर आणलं आणि गाणं पहिल्यापासून लावलं. पहिली ओळ संपली. सूंऽ.

आईचा हात तोंडाशी गेला. "झोपेतसुद्धा अस्सेच..." एवढंच म्हणाली, आणि मग जी रडली! बाळ्या तिला धरून बसला. तोही रडला. गाणं त्याने तसंच पाठवून दिलं.

थोड्या वेळाने दिग्दर्शकाचा फोन आला. "अरे, डोकं ठिकाणावर आहे का? श्वास राहिलाय त्यात!"

"हो साहेब," बाळ्या म्हणाला. "तेवढाच राहिलाय."