कर्नलच्या पाठीवरचा डाग

“क्षारांचा डाग असता तर ओल्या कापसाने निघाला असता,” डॉक्टरीणबाई कर्नलच्या पाठीवर कापूस फिरवत म्हणाल्या. “हा पांढरा डाग निघत नाही. दाबलं तर मऊ लागतंय, वासही येतोय. बुरशी आहे.”

ताईचा चेहरा उतरला. कर्नल म्हणजे तळहाताएवढं पाण्यातलं कासव, आणि तेही धाकट्या भावाचं. घर बदलताना ‘पंधरा दिवस सांभाळ’ म्हणून त्याने ठेवलं, त्याला वर्ष होत आलं. तेवढ्या काळात कर्नल शिलाई मशीन सुरू झालं की मान बाहेर काढायला शिकला, आणि ताई त्याला विचारल्याशिवाय गिऱ्हाइकाचं कापड कापेनाशी झाली.

“बरा होईल. दिवसभर कोरडा ठेवा, दिव्याखाली. पाण्यात फक्त दोनदा, खाण्यापुरता. औषध मऊ ब्रशने चोळा. पापुद्रा नखाने सोलायचा नाही. दीड महिना.”

संध्याकाळी भावाचा फोन आला.

“घाई करू नकोस, ताई. पूर्ण बरा होऊ दे, मगच नेईन.”

“बघा, किती जीव आहे त्याचा,” ताई नवऱ्याला म्हणाली. “आणि मी मेली मनात म्हणतेय, बरा झाला की हा जाणार.”

“मग औषध जरा कमी लाव,” नवरा पेपरामागून म्हणाला.

“शोभतं का हे बोलणं?”

त्या दिवसापासून ती औषध थेंब मोजून लावू लागली, एकही कमी पडू नये म्हणून.

भाऊ दर आठवड्याला चौकशी करी.

“डाग आहे ना अजून?”

“कमी झालाय रे.”

“नीट बघितलंस? डॉक्टरांना म्हणावं, भिंगातून बघा. अशा गोष्टी लपून बसतात.”

एवढी काळजी आपल्या नवऱ्याने उभ्या जन्मात केली नाही, असं ताईला वाटे. ती डोळे पुसून पुन्हा ब्रश उचले.

सातव्या आठवड्यात डॉक्टरीणबाईंनी कवच दाबून पाहिलं. कोटाच्या बटणासारखं टणक.

“ठणठणीत! खुशाल पाठवा.”

ताईने घरी येऊन लगेच फोन केला. “भिंगातून बघितलं ना त्यांनी?” त्याने दोनदा विचारलं. आनंदाने विश्वासच बसत नसेल बिचाऱ्याचा.

रविवारी भाऊ खोकं घेऊन आला. खोक्याला भोकं पाडायचं मात्र विसरला होता. ताईने कात्रीने ती पाडली, आत फलालीन अंथरलं, आणि कढ येतोय असं वाटताच “चहा टाकते” म्हणून स्वयंपाकघरात गेली.

कप घेऊन ती परतली आणि दारातच थबकली. भाऊ खिडकीपाशी तिच्याकडे पाठ करून उकिडवा बसला होता. एका हातात कर्नल. दुसऱ्या हातात खिशातून काढलेली टूथपेस्टची ट्यूब. करंगळीच्या टोकाने तो कर्नलच्या पाठीवर पांढरा ठिपका अगदी मन लावून सारवत होता.

ताई कप न वाजवता दोन पावलं मागे सरकली आणि थांबून राहिली.

थोड्याच वेळात बाहेरून, जमेल तेवढं दुःख ओतून, आवाज आला, “ताई, घात झाला गं! डाग परत उगवला!”